बिनगाठीचा अंगरखा

दोऱ्याचं टोक मोकळं होतं. निखाऱ्यांतून काढलेली छोटी इस्त्री एका हातात तशीच धरून सुल्येने दुसऱ्या हाताच्या नखाने ते टोक पुन्हा चाचपलं... गुळगुळीत, नुसतं, रेशमात शिरून संपलेलं. तिथं तिळाएवढी गाठ हवी होती. नव्हती. तिने बाहीची शिवण उलटवून पाहिली, काखेतली पाहिली, मग पाठीची लांब शिवण मानेपासून खालपर्यंत बोटाने चालत गेली, आणि इस्त्रीची धग मनगटाला लागली तेव्हा कुठे ती भानावर आली. सबंध अंगरखा – आत कापसाचा पातळ थर घातलेला, पांढराशुभ्र रेशमी अंगरखा – एकही गाठ न मारता शिवला होता. आणि तो दुसऱ्या कुणी नाही, तिनेच शिवला होता.

बिनगाठीचे कपडे कुणाचे, हे शेंबड्या पोरीलाही ठाऊक असतं. मेलेल्याचे. जाणाऱ्याचा जीव मागे कशात अडकू नये म्हणून त्याच्या शेवटच्या कपड्यांना गाठ मारायची नाही, टाका मागे फिरवायचा नाही, पुढे पुढे शिवत जायचं आणि दोरा संपला की तसाच सोडून द्यायचा. जित्या माणसाला असा कपडा कुणी शिवत नाही, वैऱ्यालाही नाही... आणि ही शिवून बसली होती. कुणासाठी? तर ठाणेदार ग्वाकसाठी!

आधी तिला हसूच आलं. मोठ्याने, एकटीला, रिकाम्या खोलीत. मग ते हसू थांबलं, कारण अंगरखा दुपारच्या आत पोचवायचा होता, आणि तिचा मुलगा मानसोक ठाण्याच्या कोठडीत होता.

मी काय हे मुद्दाम केलं? नाही. देवाशपथ नाही. हाताची सवय ही. सुगीच्या दिवसांत अमेरिकन लष्कराच्या सरकारने तांदळाची वसुली काढली, माणसं कोठारापुढे जमली, पोलिसांनी गोळ्या घातल्या, आणि मग त्या सगळ्या घरांतून बायका कापड घेऊन तिच्याच दारात आल्या. कुणाकडे तागाचं खरखरीत कापड, कुणाकडे नुसत्या गादीच्या चादरी. तिने सगळ्यांचे शिवले. सरळ टाका, दोरा सोडा, सरळ टाका, दोरा सोडा... हाताला दुसरं काही उरलंच नाही मग. जिवंत माणसाचा कपडा हातात येऊन किती काळ लोटला होता! आणि आला तो ह्याचा, मुडदा बशिवला ह्याचा.

ग्वाकच्या आईला साठ वर्षं पुरी होत होती. उद्या तिचा समारंभ. आईसमोर मुलाने गुडघे टेकून, कपाळ जमिनीशी नेऊन नमस्कार करायचा, दारूचा पेला द्यायचा, साऱ्या गावाने पाहायचं. उभ्या जन्मात जपानी गणवेश अंगावर मिरवलेल्या माणसाला आता आपल्याकडचा कोरियन अंगरखा हवा झाला होता, कारण गोरा कप्तान जेवायला यायचा होता आणि फोटो निघायचा होता. त्याची बायको स्वतः रेशीम घेऊन आली होती, वासाचं तेल लावून, तोंड भरून बोलत. "मानसोकच्या आई, तुझ्या हाताची सर नाही गं कुणाला. अंगरखा मनासारखा झाला ना, तर पोराचं मी यांच्या कानावर घालते." एवढ्या शब्दावर सुल्ये शिवायला बसली होती. मजुरीचं नावही काढलं नव्हतं.

आता उसवून पुन्हा शिवायचं म्हटलं तर दिवस मावळेल. नुसत्या टोकांना गाठी मारायच्या, तर तेवढं होईल कदाचित... अस्तर जिथं हाती लागतं तिथं तरी. तिने सुई उचलली. दोरा ओवला. आणि हात मांडीवर ठेवून बसून राहिली.

दार सरकलं. शेजारची काकू, सांगजू गावची म्हणून सांगजूवाली. तिच्या नवऱ्याचे शेवटचे कपडे सुल्येनेच शिवले होते, त्याच कोठारापुढच्या दिवसानंतर.

"काय गं, झाला का जावईबापूंचा पोशाख?"

"दार लावा काकू, ऊब जाते."

"ऊब! त्याचं रेशीम मांडीवर घेतलंयस, चटके नाही बसत तुला? माझ्या माणसाला ज्याच्या शिपुरड्यांनी कुत्र्यासारखा मारला, त्याला नटवायला बसलीस?"

"माझं पोर आत आहे."

"माझा माणूस मातीत आहे."

सुल्येने बाहीची शिवण आत दुमडली. क्षणभर तिला वाटलं, अंगरखा उलटवून काकूच्या हातात द्यावा, म्हणावं, बोट फिरवा की जरा, बघा मी काय शिवलंय त्याला... काकू टाळ्या पिटून हसली असती, वेड्यासारखी हसली असती, आणि संध्याकाळच्या आत गल्लीतल्या साऱ्या चुली हसल्या असत्या. जिभेवर आलं होतं. तिने गिळलं.

काकू जाता जाता उंबऱ्यात थबकली. तोकड्या जाकिटाच्या आतून तिने फडक्यातली जवाची भाकरीसारखी टिक्की काढली आणि शेगडीशेजारी ठेवली. "मानसोकला दे, भेटू दिलं तर. फार शेफारून जाऊ नकोस, तुझ्यासाठी नाही आणली." आणि दार आपटून गेली.

ती गेल्यावर खोली मोठी झाल्यासारखी वाटली, आणि मग आठवणीत तो आला – मानसोकचा बाप. तो नेहमी असाच येतो, हातात सुई असताना. ठाण्यातून गाडीवर, फळीवर निजवून आणला होता त्याला, मेलेला. जपान्यांच्या राज्यात पोरांना आपली कोरियन लिपी शिकवतो हा गुन्हा, आणि शिकवणाऱ्याची बोटं... नको. ती बोटं तिने धुतली होती, एकेक, आणि मग त्यांच्यावरून बाही चढवली होती. त्या वेळी जपान्यांच्या चाकरीत ग्वाकने इवामोतो हे जपानी नाव लावलं होतं. ठाण्याच्या पायरीवर उभा राहून तो म्हणाला होता, "घेऊन जा, गाडी परत पाठव." गाडीची काळजी होती त्याला! एवढं एकच वाक्य. ती ते वाक्य मनातल्या मनात इतक्या वेळा घोळवून बसली होती की आता त्यात त्याचा आवाज कुठला आणि तिचा कुठला हे सांगता आलं नसतं.

आणि मग जपान हरलं. तो एक दिवस! ग्वाक पळून गेला आणि माणसं त्याच्या अंगणात शिरली, आणि हिने – होय, ह्याच सुल्येने, जिचा आवाज शेजारणीला ऐकू जात नसे – धोंडा उचलून त्याच्या सोयारसाचा रांजण फोडला. काळा रस पायांवरून वाहत गेला, खारट, उबदार, आणि तिला वाटलं, बस्, आता मेलं तरी चालेल. आयुष्यात इतकं सुख कधी झालं नव्हतं, खोटं कशाला सांगा. पण अमेरिकन आले, त्यांनी देशाच्या मधून रेघ मारली, आणि रेघेच्या अलीकडे जो ज्या खुर्चीवर होता त्याला त्याच खुर्चीवर बसवला. धाकटी बहीण रेघेपलीकडे राहिली, ती मेली का जगली कळायला मार्ग नाही. ग्वाक मात्र परत आला. जीपमध्ये बसून आला, टोपीवरचा बिल्ला तेवढा बदललेला. जपान्यांनी तरी आमच्यावर राज्य करतो असं तोंडाने सांगितलं होतं. हे गोरे सांगतात की तुम्हाला मोकळं केलं, आणि वर आमच्या बाह्यांत पांढरी पावडर फुंकतात, उवा मारायला, आयाबायांना रस्त्यात रांगेत उभं करून.

सुई तिने पुन्हा सुयांच्या गादीत खोवली. दोरा ओवलेला तसाच.

राहू दे. मी नाही केलं, आपसूक झालं. जे आपसूक झालं ते मी कोण मोडणार? घालू दे त्याला. घालून मिरवू दे, आईसमोर, गोऱ्यासमोर, फोटोत... आणि त्याला कळणारही नाही की सुल्येने त्याला जिवंतपणीच वाटेला लावलाय. छातीत काहीतरी रांजणातल्या रसासारखं उबदार पसरलं. ती भराभर गळपट्टी जोडू लागली, वरची पांढरी पट्टी, जी सगळ्यांच्या नजरेत भरते. तिचे टाके इतके सुरेख पडले की तिलाच कौतुक वाटलं. मग अंगरखा घडी करून फडक्यात बांधला आणि निघाली.

ग्वाकच्या अंगणात नवे रांजण होते, पूर्वीपेक्षा मोठे. बायका तेलात धिरडी सोडत होत्या, दोघं गडी लाकडी मोगरीने भाताचा गोळा कुटत होते, आणि भिंतीशी पोत्यांची थप्पी होती, वसुलीचे शिक्के तसेच असलेली. कुणाला लपवायचीही गरज वाटली नव्हती. सुल्ये त्या वासात उभी राहिली. तांदूळ... पांढरा, निव्वळ तांदूळ. लाज वाटली तिला, की अशा वेळीही तोंडाला पाणी सुटतं.

"आलीस का बाई! वाट बघून डोळे दुखले," ग्वाकबाई म्हणाली. "आधी सासूबाईंना दाखव. त्यांच्या मनाला आलं की झालं."

म्हातारी खालून धग दिलेल्या तापल्या जमिनीवर गुडघा उंच करून बसली होती, बारीक, दात पडलेली. तिने अंगरखा मांडीवर घेतला, पाहिला नाही; डोळे अधूच होते. बोटं फिरवली. गळपट्टीवरून, खांद्यावरून, बाहीवरून... काखेपाशी बोटं थांबली. मागे आली. पुन्हा त्याच जागी गेली. अंगठा आणि तर्जनीत शिवणीचं टोक धरून तिने ते हलकेच चोळलं, आपण तांदळातला खडा चाचपतो तसं.

सुल्येने रिकाम्या फडक्याची घडी घातली, मोडली, पुन्हा घातली.

"तू शेवटचे कपडेही शिवतेस ना गं?" म्हातारीने विचारलं.

"होय, थोरल्या बाई."

"बरेच शिवलेस म्हणे यंदा."

"होय."

म्हातारीने मान डोलावली. "माझेही तूच शीव. साठ झाली, आता करून ठेवायला हवेत." आणि अंगरखा सुनेकडे दिला. "चांगलाय. घालू दे त्याला."

तिला कळलं होतं. नक्की कळलं होतं... की नव्हतं? म्हातारीने तोंड भिंतीकडे फिरवलं होतं आणि तिच्या पाठीवरून काही वाचता येत नव्हतं.

ओसरीवर गोरा कप्तान आजच येऊन, बुटांसकट चढून बसला होता. दुसरा कुणी असता तर ग्वाकने त्याचे पाय मोडून ठेवले असते. कप्तानासाठी तो हसत होता, आणि त्याची बायको कप्तानाच्या मागोमाग फडकं घेऊन फिरत होती. ग्वाकने उभ्या उभ्या अंगरखा चढवला. सुल्येने पुढे होऊन छातीवरचा बंद बांधला; तिचा चेहरा त्याच्या गळ्यापाशी आला, साबणाचा वास आला, आणि त्याची शीर उडताना दिसली. मागे सरून तिने पाहिलं तर... माणूस चांगला दिसत होता. हेच तिला सोसवेना. कुणाचा तरी थोरला भाऊ वाटावा, पोक्त, घरंदाज, असा दिसत होता मेला.

कप्तान काहीतरी बोलला. मिशनच्या शाळेत शिकलेला दुभाष्या म्हणाला, "साहेब म्हणतात, आता तुम्ही खरे कोरियन दिसता."

सगळे हसले. ग्वाक सर्वांत मोठ्याने.

"मानसोकची आई," तो हसतच वळला, "हात सोन्याचा आहे तुझा. आणि पोर गाढव आहे, पण वाईट नाही. परवा जिल्ह्याच्या तुरुंगाची गाडी येते. तिच्यात कुणाला घालायचं ते मीच ठरवतो. उद्याचं आईचं कार्य नीट पार पडू दे, चारचौघांत हसं नको व्हायला, की परवा सकाळी तो तुझ्या दारात. माझं डोकं ठिकाणावर राहिलं म्हणजे झालं, काय?"

"उपकार झाले साहेब." कुठून आला हा आवाज? तिच्याच तोंडून.

"साहेब विचारतात," दुभाष्या म्हणाला, "उद्याचा नमस्कार कसा असतो?"

"हा असा!" आणि सुल्येने काही म्हणायच्या आत ग्वाकने दोन्ही हात कपाळाशी नेले, गुडघे टेकले आणि वाकला. पाठ ताणली गेली. रेशीम दोन्ही बाजूंना ओढलं गेलं आणि मधल्या शिवणीत काहीतरी बारीक आवाज करून सरकलं.

त्या क्षणापर्यंत, खरंच, तिच्या डोक्यात हे आलंच नव्हतं. जीव, शाप, वाट, सगळं आलं होतं; पण गाठ न मारलेली शिवण ताण पडला की उसवते, एवढी साधी गोष्ट, पहिल्या दिवशी शिकवतात ती, शिवणकाम करणाऱ्या बाईच्या डोक्यात आली नव्हती. मेलेली माणसं वाकत नाहीत ना. त्यांच्या कपड्यांना ताण कुठला!

"काय वाजलं गं?" ग्वाकबाईने विचारलं.

"नवं रेशीम आहे बाई. अंगाला बसतंय."

ग्वाक उठला. दोन खांद्यांच्या मधोमध शिवण जवाच्या दाण्याएवढी उघडली होती आणि आतला कापूस पांढऱ्यावर पांढरा दिसत होता. दुसऱ्या कुणाला दिसला नसता. उद्या तो अर्धामुर्धा नाही, पुरता वाकणार होता. आईसमोर, मग थोरल्यांसमोर, पुन्हा पुन्हा... आणि मागे सगळं गाव बसलेलं. पाठ मानेपासून कमरेपर्यंत फाटेल. कुणीतरी फिस्सकन हसेल. सांगजूवालीच हसेल आधी! आणि मग कुणी म्हातारी पुढे होऊन शिवण बघेल आणि म्हणेल, अगं बाई, ह्याला तर गाठच नाही...

"साहेब, जरा काढून देता का? पाठीला एक टाका घालते."

"आता कशाला? साहेबांना आजच एक फोटो काढायचाय."

"मग फोटो झाल्यावर."

"अगं मग आम्ही तो घडी घालून गरम जमिनीवर दाबून ठेवणार," बाई म्हणाली. "तू जा आता, पुष्कळ कामं आहेत. उद्या मागच्या दाराने ये जेवायला."

"बाई, एकच टाका. इथंच बसून घालते."

ग्वाकबाईचे डोळे बारीक झाले. "का गं? बिघडलंय का काही त्यात?"

सांग ना आता. सांग! गाठी मारायच्या विसरले म्हण. म्हण, तुझ्या नवऱ्याला मी मेलेल्याचे कपडे घातलेत... आतल्या खोलीच्या उघड्या दारातून म्हातारीची पाठ दिसत होती, ती हलली नाही.

"नाही बाई. काही नाही बिघडलं."

रस्त्याला लागली तेव्हा काकूची टिक्की अजून कंबरेला तशीच होती. ती कोठडीत देऊ का, हे विचारायचंही राहिलं. ऊन पडलं होतं, बोचरं, नदीकडून वारा येत होता. म्हातारीने ओळखलं असेल तर? ओळखून ती गप्प राहिली असेल तर कशासाठी... संध्याकाळी स्वतःच सुई मागवेल ती, आई आहे शेवटी. की नाही मागवणार? पोटच्या पोराला असं कोण... पण पोटचं पोर असं असलं तर? दोरा दुहेरी होता का? पाठीला दुहेरीच घेतला होता, हो, दुहेरीच. पिळाचा, चांगला. मेणावरून ओढून घेतलेला. टिकेल. एवढा दिवस टिकेल. देवा, एवढा दिवस त्याला सांभाळ, त्याच्या अंगावर धागा धड राहू दे, त्याचं डोकं शांत राहू दे, त्याला हसत ठेव, त्याला परवापर्यंत काही होऊ देऊ नकोस –

ती थांबलीच रस्त्यात.

मी कुणासाठी मागत्येय?

मागून जीप आली, भोंगा वाजला, तिला बाजूला व्हावं लागलं, धूळ तोंडात गेली. त्यांनी तांदूळ नेला. नवरा नेला, बहीण नेली, पोर नेलं. पण एक गोष्ट तिची स्वतःची होती, कुणाला वसूल करता न येणारी. तो माणूस मरावा असं तिला वाटायचं, आणि त्या वाटण्यावर ती इतकी वर्षं सकाळी उठून चूल पेटवत आली होती. तिने आत हात घालून ती शोधली. खरंच शोधली, भर रस्त्यात, डोळे मिटून. इवामोतो, ठाण्याची पायरी, गाडी परत पाठव... शब्द होते सगळे, पण त्यांच्या तळाशी आता भीती बसली होती, त्याच्यासाठी वाटणारी, अगदी घरच्या माणसासाठी वाटावी तशी. तिला स्वतःची किळस आली. थुंकावंसं वाटलं, तर तोंड कोरडं.

ती चालू लागली. डोळ्यांसमोर ती पांढरी पाठच होती, खाली खाली जाणारी, ताणत जाणारी, आणि सुल्येचे ओठ हलत होते. मानसोक पहिल्यांदा नमस्कार करायला शिकला तेव्हा त्याच्या पाठीवर हात ठेवून ती जसं म्हणायची अगदी तसंच, त्याच लाडाच्या आवाजात, ती ग्वाकला म्हणत होती, हळू रे बाळा... सावकाश वाक. घाई नको करूस. हळू.